सेहेचाळीस नंबरचा दगड

कॅम्प, भिलाई
१२ ऑगस्ट १९५९

आक्का,

तुले अन् दुर्गाले, अन् तिसरं कोणी घरात नाही म्हणून मांजरीले, देवीदासचा जय भीम.

पवनीत तू सगळ्यांले सांगून राहिली म्हणे की माझा भाऊ भिलाईत लोखंड वितळवते. तसं सांगू नको बाप्पा. उद्या कोणी इथं आलं अन् मले पाहून गेलं, तं तुलेच खाली मान घालावी लागन. मी लोखंड वितळवत नाही. मी नंबर टाकतो.

इथं जे काही आहे त्याले नंबर असते. क्रेनले नंबर, शिडीले नंबर, साहेबाच्या खुर्चीले नंबर अन् खुर्चीखालच्या पाटाले वेगळा नंबर. रशियातून पेटी आली तं पेटीले एक टाकायचा, आतल्या चिजेले दुसरा. मी पांढऱ्या रंगाचा डबा अन् ब्रश घेऊन दिवसभर फिरतो. मागच्या हप्त्यात एक फिटर मशीनले टेकून उभ्या उभ्या डुलक्या घेत होता, त्याच्या टोपीवर एकशे बारा टाकून आलो. त्याले तीन दिवस पत्ता नव्हता.

आता मले शिवनाथ नदीवरच्या पंपहाऊसवर पाठवलं आहे. स्टोअरचे बाबू श्यामराव आपल्या नागपूरकडचेच. माणूस चांगला, पण रजिस्टरात एक काना इकडचा तिकडं झाला तं त्याले जेवण जात नाही. त्यानं सांगितलं, तारेच्या आत जे जे उभं आहे त्याले शनिवारपर्यंत नंबर पाहिजे. मी मस्टरवरचा कच्चा माणूस. हे काम बिनचूक झालं तं तो माझं नाव पक्क्यात लिहून धाडन. नाव पक्क्यात गेलं की सेक्टर दोनमध्ये क्वार्टर, अन् क्वार्टर भेटला की दुर्गा इकडं. लग्नाले दोन वर्षं झाली अन् मी आठ माणसांसंगं टिनाच्या शेडमध्ये झोपून राहिलो, हे तिलेही माहीत आहे अन् तुलेही.

म्हणून मी एकही चीज सोडली नाही. पंप, व्हॉल्व्ह, ड्रम, शिडी झाली. मंग झाडं घेतली. अर्जुनाची अकरा, चिंचा दोन, उंबर एक, बाकीची करंजं. उभी होती ना? सतत झिमझिम चालू होती, डोळ्यावर पाणी येत होतं, पण थांबलो नाही. शेवटी नदीच्या उतारावर एक काळा दगड दिसला, घमेल्याएवढा, गुळगुळीत. त्याच्यावर सेहेचाळीस टाकला. सत्तेचाळीस कशावर टाकू म्हणून पाहून राहिलो तं डब्यातला रंगच खतम. सत्तेचाळीस तसाच कोरा राहिला.

दुर्गाले सांग, सामान बांधू नको पण कोणतं बांधायचं ते मनात ठेव.

तुझा
देवीदास

*

पवनी
२३ ऑगस्ट १९५९

चिरंजीव देवीदासले आक्काचा आशीर्वाद. मांजरीलेही जय भीम पोचला, ती झोपली होती.

तुझं पत्र दुर्गानं दोनदा वाचलं अन् मी एकदा, कारण एकदाच पुरे झालं. झाडाले नंबर टाकणारा माणूस मी आजपर्यंत पाह्यला नाही. झाड काय हरवणार आहे? पण मंग इचार केला, आपणही भांड्यावर नाव घालतोच की. माझ्या लग्नातल्या पितळी गुंडावर तुझ्या भाटव्याचं, माझ्या मालकाचं नाव आहे. तो माणूस जाऊन बारा वर्षं झाली, पण तो गुंड कोणाच्याही लग्नात गेला तं दुसऱ्या दिवशी घरी. नाव घातलेलं भांडं घर चुकत नाही. तं टाक बाप्पा नंबर, तुझं काम आहे.

दुर्गाची चिंता करू नको. इथं ती आपली आहे तशी आहे. खरं सांगू तं घरात दोन बाया म्हणजे एक जास्तच होते. सकाळी सारवण कोणी करायचं यावर आमची रोज धुसफूस. ती गेली तं मी निवांत होईन, पाय पसरून बसन, दुपारी झोपन. म्हणून तू घाई कर. पण क्वार्टर भेटल्याबिगर तिले बोलावू नको. आठ बाप्यांच्या शेडात माझी भावजय मी पाठवणार नाही, हे लिहून ठेव अन् त्यालेही नंबर टाक.

शेजारच्या भागीरथाबाई रोज इचारते, दुर्गाले नवरा कधी नेणार? मी म्हणते, कारखाना उभा होऊ द्या. ती म्हणते, एवढा मोठा कारखाना एकटा देवीदासच उभा करून राहिला काय. मी तांदूळ पाखडाले घेते.

संध्याकाळी दुर्गा नदीवर जाऊन बसते. वैनगंगेच्या काठावर जन्मलेली पोरगी, तिले पाणी पाह्यल्याबिगर चैन नाही. येताना ओली होऊन येते अन् माझं सारवण खराब करते.

रंगाचे हात घेऊन जेवू नको.

आक्का

*

कॅम्प, भिलाई
१५ सप्टेंबर १९५९

आक्का,

एक चांगली गोष्ट आहे अन् एक लय वाईट. आधी चांगली सांगतो, म्हणजे वाईट सांगाले हिंमत येईन.

मागच्या सोमवारी ठेकेदाराची माणसं कुऱ्हाडी घेऊन नदीवर आली. दुसरी पाइप टाकायची होती अन् मधात माझी अर्जुनाची झाडं. पहिल्या झाडावर कुऱ्हाड उचलली तं मुकादमाले नंबर दिसला. तो म्हणे थांबा. दुसऱ्या झाडाकडं गेले, नंबर. तिसऱ्याकडं, नंबर. ते सगळे कुऱ्हाडी खांद्यावर टाकून श्यामरावकडं गेले. श्यामरावनं रजिस्टर काढलं. बारा नंबर अर्जुन, तेरा नंबर अर्जुन, सगळं लिहिलेलं. तो म्हणे, नंबर पडलेली चीज काढून टाकाची असन तं तीन फॉर्म भरा लागते, मंग तीन साहेबांची कमिटी येते, ती चीज निकामी आहे असं लिहून देते, मंगच हात लावाचा. अन् हे झाड निकामी आहे असं कोण लिहून देईन? त्याले तं पालवी फुटून राहिली आहे. शेवटी पाइप वाकवून नेली. आजपर्यंत कारखान्यात झाडासाठी पाइप वाकली नव्हती. मले काही लोक हसले अन् काहींनी बिडी दिली.

आता वाईट. सेहेचाळीस नंबरचा दगड निघून गेला.

आक्का, तो दगड नव्हता. ते कासव होतं. झिमझिमीत मान आत घेऊन बसलं होतं, मी रंग देईपर्यंत हललं नाही, मी कसं वळखू? परवा मी स्वतः पाह्यलं, नदीच्या मधात एक काळी पाठ वर आली, त्याच्यावर माझ्या हातचा सेहेचाळीस, अन् बुडाली. रंग इनॅमलचा, पक्का आहे, तेवढं एक समाधान.

१० डिसेंबरले कलकत्त्याचे तपासणीचे साहेब येऊन राहिले. ते रजिस्टर घेऊन एक एक नंबर पाहतात. जी चीज जिथं लिहिली तिथं पाहिजे. नसली तं ज्यानं नंबर टाकला त्याच्या डोक्यावर. श्यामराव रडकुंडीले आला आहे. तो म्हणते, देवीदास, तुझं नाव मी पक्क्यात पाठवलं आहे, पण स्टोअरचा माल गायब केला असा शेरा पडला तं पक्कं तं सोडच, मस्टरवरूनही जाशीन. मले पवनीले वापस यावं लागन आक्का, अन् कोणत्या तोंडानं येऊ?

आपल्या घाटावरच्या धोंडबाले इचार, कासव कसं बोलवायचं. तो जनमभर नदीत आहे. दुर्गाले यातलं काही सांगू नको.

देवीदास

*

पवनी
२६ सप्टेंबर १९५९

देवीदास,

दुर्गाले सांगितलं. पत्र आलं तेव्हा तीच दारात होती, मी काय करू? ती इतकी हसली की चुलीवरचं वरण करपलं. मंग कोपऱ्यात जाऊन रडली. मंग पुन्हा हसली. आता ती तुले काही लिहायचं आहे म्हणते पण कागद घेतला की हसू येते.

धोंडबाकडं मी स्वतः गेली. म्हातारा आधी अर्धा घंटा पाठ करून बसला, मी कासवाचं नाव घेतलं म्हणून त्याले वाटलं मले खायले पाहिजे. मंग म्हणे, कासवाले बोलावता येत नाही, बोलावल्यानं ते बायकोसारखं दुसरीकडं जाते. त्याची बायको तिथंच जाळं शिवत होती, तिनं त्याले जाळ्याची सुई टोचली. मंग खरं बोलला. म्हणे त्याले उंबराची फळं आवडतात, काकडीच्या साली आवडतात, अन् ज्या जागी एकदा ऊन खाल्लं त्या जागी पुन्हा येते. बाकी त्याच्या हातात काही नाही.

पण माझी अक्कल ऐक. रजिस्टरात काय लिहिलं आहे? काळा दगड. मंग एक काळा दगड घे, त्याच्यावर सेहेचाळीस टाक अन् ठेव त्या जागी. साहेबाले काय माहीत? तू तिसरीत असताना पाटी फुटली तं शेजारच्याची पाटी घेऊन आला होता, तेव्हा तं तुले कोणी शिकवलं नव्हतं.

घाबरू नको. तुले मी आईवेगळा एवढा केला तो कासवासाठी वापस याले नाही.

आक्का

*

कॅम्प, भिलाई
२१ ऑक्टोबर १९५९

आक्का,

तुझी अक्कल ऐकली अन् दुप्पट फसलो.

चांगला काळा दगड शोधला, धुतला, त्याच्यावर सेहेचाळीस काढला, उतारावर ठेवला. श्यामरावनं पाह्यला, रजिस्टराशी ताडला, पहिल्यांदा पोटभर जेवला. चार दिवस सुखाचे गेले. पाचव्या दिवशी काठावरच्या गावातली अन्नपूर्णा नावाची मावशी डोक्यावर टोपली घेऊन थेट ऑफिसात आली. तिच्या नवऱ्याच्या जाळ्यात सापडलं म्हणे. टोपली श्यामरावच्या टेबलावर ठेवली अन् म्हणे, "ये ह तुंहर सरकारी कछुवा ए. नंबर लिखाय हे."

श्यामरावनं टोपलीत पाह्यलं. कासवानं मान बाहेर काढून श्यामरावले पाह्यलं. मंग श्यामरावनं मले पाह्यलं. आक्का, मी जमिनीले पाह्यलं.

तू म्हणशीन, चांगलं झालं, माल सापडला. नाही. आता सेहेचाळीस दोन झाले. श्यामराव म्हणते, माल कमी भरला तं चोरी एकदाची समजते, पण एकाच नंबरचा माल दोनदा भरला तं सगळं रजिस्टरच खोटं ठरते, मंग पहिल्यापासून चौकशी. अन् टोपली आली तेव्हा ऑफिसात सात माणसं होती, त्यांच्यासमोर कासव आपलं नाही असं कसं म्हणायचं? तो मले म्हणे दगडाचा नंबर खरवड. मी दोन दिवस खरवडला. इनॅमल पक्का आहे, आता त्याचं समाधान वाटत नाही. शेवटी आम्ही दोघांनी मिळून तो दगड डोहात लोटला. श्यामराव जिंदगीत पहिल्यांदा माल बुडवून राहिला होता.

आता ते कासवच पाहिजे, अन् उतारावरच पाहिजे, अन् १० डिसेंबरपर्यंत पाहिजे. मी दोरी बांधली, त्यानं काढली. दगडांचा गोल घातला, ते चढून गेलं. ड्रमात ठेवलं तं चारा खाणं सोडलं अन् मले वाईट वाटलं म्हणून मीच सोडलं. अन्नपूर्णामावशी दर तिसऱ्या दिवशी आणून देते. तिच्या गावात आता गोष्ट पसरली आहे की नदीतली कासवं सरकारची आहेत. जाळ्यात एखादं सापडलं तं लोक आधी पाठ पाहतात, नंबर नसला तरी सोडून देतात, म्हणे अजून टाकायचा राहिला असन. आधी ते खात होते. आता कोणाची हिंमत होत नाही.

बगळ्यांलेही कोणी हात लावत नाही. फक्त माझं कासव राहत नाही.

मले झोप नाही. काय करू ते सांग.

देवीदास

*

पवनी
२ नोव्हेंबर १९५९

देवीदास,

तुझं पत्र मोठ्यानं वाचून होईपर्यंत दुर्गानं ट्रंक खाली काढली होती.

मी म्हटलं, क्वार्टर कुठं आहे? ती म्हणे, आक्का, तो माणूस कासव सांभाळू शकत नाही. मी म्हटलं, मंग तू काय करशीन? म्हणे, मी लहानपणापासून कासवांसंगं नदीत उतरली आहे, कासव काय चाहते ते मले समजते, तुमच्या भावाले समजत नाही. मी म्हटलं, लोक काय म्हणतीन, कासवासाठी पोरगी नवऱ्याकडं गेली. ती म्हणे, म्हणू द्या, दोन वर्षं नवऱ्यासाठी जाता आलं नाही.

मी ट्रंकेवरची धूळ पुसून दिली.

येत्या शनिवारी भंडारा रोडवरून पॅसेंजरनं निघून राहिली. दुर्ग टेसनावर वेळेवर उभा राह्यजो. श्यामरावच्या बायकोले सांगून ठेव, क्वार्टर भेटेपर्यंत ती त्यांच्या घरी राहीन. त्यांचं रजिस्टर वाचवाले येऊन राहिली तं एवढं तं करतीन. लसणाची चटणी पाठवली आहे, कासवाले देऊ नको.

माझी काळजी नको. घर मोठं मोकळं होईन. सारवण मी करन तसं राहीन, कोणी पाय उमटवणार नाही. दुपारी झोपन. भागीरथाबाई बसाले आली तं म्हणन मले काम आहे.

दुर्गाले खोकला आहे, तिले गार पाण्यात जास्त वेळ उतरू देऊ नको. ती ऐकणार नाही, तरी सांग.

आक्का

*

मुक्काम श्यामरावभाऊंचं घर, दुर्ग
१२ डिसेंबर १९५९

आक्कांना दुर्गाचा जय भीम.

तुमचा भाऊ लिहाले बसला होता पण ड्यूटीची वेळ झाली, म्हणून मी लिहून राहिली. खोकला गेला. मी पाण्यात उतरलीच, पण दुपारी.

आल्याबरोबर मी पाह्यलं, यांनी त्या कासवाले सावलीत ठेवलं होतं, पाहुण्यासारखं. त्याले ऊन पाहिजे अन् लगेच उतराले पाणी पाहिजे. पंपाच्या पाइपातून एका जागी पाणी गळत होतं. मी ते गळणं बुजवू दिलं नाही. त्याच्याखाली आम्ही डबकं खोदलं, काठावर रेती टाकली, उंबराची फळं पडतीन असं उंबराखालीच खोदलं. धोंडबाबा बरोबर बोलले होते. चौथ्या दिवशी अन्नपूर्णामावशीनं टोपलीतून सोडलं ते गेलंच नाही. सकाळी नऊ वाजता रेतीवर येते, चार वाजता पाण्यात जाते. तुमच्या भावाची ड्यूटीही तीच आहे.

परवा साहेब आले. सोबत दोन माणसं, छत्री, रजिस्टर. श्यामरावभाऊ सकाळपासून पाणीही प्याले नव्हते. मी उंबरामागं उभी होती. एक नंबरपासून सुरू झालं. पंप बरोबर, व्हॉल्व्ह बरोबर. झाडांजवळ साहेब जरा थांबले, चष्मा पुसला, पण लिहिलं होतं अन् होतं, म्हणून बरोबरच्या खुणा करत गेले. पंचेचाळीसपर्यंत एक तास झाला. ऊन लागलं. साहेब म्हणे, छियालीस? श्यामरावभाऊंनी वाचलं, "पत्थर, काला, एक नग." अन् बोट दाखवलं.

कासव मान आत घेऊन बसलं होतं. पाठीवर नंबर चकचकीत. साहेबांनी पाह्यलं, बरोबरची खूण केली. आक्का, इथपर्यंत आम्ही जिंकलो होतो. पण साहेब थकले होते. ते त्या दगडावर बसले.

मी तोंडात पदर घातला. श्यामरावभाऊंनी डोळे मिटले. साहेबांनी मांडीवर रजिस्टर घेतलं, अन् शेरा लिहाले लागले, अन् लिहिता लिहिता हळूहळू नदीकडं जाऊन राहिले.

हातभर गेल्यावर त्यांच्या लक्षात आलं. ते उठले. त्यांनी सेहेचाळीस नंबरले पाह्यलं. त्यानं मान बाहेर काढली, फुसकन केलं अन् डबक्यात उतरलं. साहेबांच्या पायजम्याले, म्हणजे पँटले, रेती लागली होती, ती झटकाचीही कोणाची हिंमत झाली नाही.

मंग साहेब म्हणे, "ये नंबर किसने डाला?"

श्यामरावभाऊ काही बोलणार होते, मले वाटते ते स्वतःचंच नाव घेणार होते. पण तुमचा भाऊ पुढं आला. म्हणे, "साब, मैंने डाला. हिलता नहीं था, इसलिए पत्थर समझा. गलती मेरी है. बाबूजी की नहीं है, कछुए की भी नहीं है."

साहेबांनी तुमच्या भावाले पाह्यलं. रजिस्टर पाह्यलं. आपल्या हातची बरोबरची खूण पाह्यली. ती खोडता येत नाही, त्याले म्हणे वेगळी कमिटी लागते. मले पाह्यलं, मी उंबरामागून दिसत होती. मंग त्यांनी लाल पेन काढला. वाटलं, आता ट्रंक भरायची अन् दोघांनी मिळून तुमच्या दारात येऊन उभं राहायचं. त्यांनी लिहिलं, अन् श्यामरावभाऊंनी ते मोठ्यानं वाचलं. माल हजर. विवरणात दुरुस्ती: दगड नसून चालता माल. अन् चालत्या मालावर परमनंट ऑपरेटर ठेवल्याबिगर तो बेवारस सोडता येत नाही असा नियम आहे, सबब ऑपरेटर ताबडतोब नेमावा.

श्यामरावभाऊ तिथंच रेतीवर बसले. आधी हात लावून पाह्यलं, मंग बसले.

आक्का, तुमचा भाऊ पक्का झाला. कागदावर लिहिलं आहे: ऑपरेटर, नंबर सेहेचाळीस. दोन दिवसांत बाकीचेही म्हणाले लागले की चालत्या मालाच्या जागेले कंपाउंड पाहिजे, कंपाउंडले फाटक पाहिजे, फाटकावर बोर्ड पाहिजे. बोर्ड रंगवाले माणूस शोधावा लागला नाही.

तुम्ही दुपारी खरंच झोपता काय? मले तं तुम्ही कधी झोपलेल्या दिसल्या नाही.

दुर्गा

*

सेक्टर २, भिलाई
१० एप्रिल १९६०

आक्का,

पत्ता पाह्य. सेक्टर दोन. दोन खोल्या, मागं नळ, पुढं जागा. दुर्गानं आल्याबरोबर सारवाले घेतलं तं शेजारीण म्हणे, बाई, फरशी आहे.

नदीवरच्या जागेले लोक बाग म्हणाले लागले. मी काही लावलं नाही, फक्त काही तोडू दिलं नाही. बोर्डावर लिहिलं: यहाँ की हर चीज़ पर नंबर है. तोड़ना, पकड़ना, ले जाना मना है. खरं तं बगळ्यांवर नंबर नाही, पण लोक जवळ जाऊन पाहत नाहीत. रविवारी चरोद्याहून रेल्वेची कुटुंबं डबे घेऊन येतात. कारखान्यातल्या रशियन मेमसाहेबसुद्धा आल्या, त्यांनी सेहेचाळीस नंबरले काकडी दिली. दुर्गा त्यांच्याशी पवनीची बोली बोलते, त्या आपली बोलतात, दोघींचं जमते.

आता खरी बातमी. सेहेचाळीस नंबर म्हणजे ती आहे. थंडीत तिनं रेतीत अंडी घातली होती, दुर्गानं काट्या लावून राखली. मागच्या हप्त्यात एकोणीस पिल्लं निघाली, रुपयाएवढी. मी सवयीनं डबा उघडला तं दुर्गानं ब्रश हातातून काढून घेतला. म्हणे, यांले मोठं होऊ द्या, मंग नदीत जाऊ द्या, ज्याले याचं असन तो बिनानंबरचा येईन. श्यामराव रोज येऊन मोजते अन् रोज वेगळा आकडा येते, पण आता त्याले जेवण जाते.

आक्का, तू ये. चार पत्रं झाली, तू दर वेळी म्हणते मांजर आहे, घर आहे, दुपारची झोप आहे. एकदा येऊन पाहून जा.

देवीदास

*

पवनी
२४ एप्रिल १९६०

देवीदास,

मांजर संक्रांतीलेच गेली. तुम्हाले सांगितलं नाही.

दुपारची झोपही खोटी आहे. दुर्गा शहाणी, तिनं वळखलं. ती गेली तेव्हापासून मी रोज सारवते अन् रोज त्याच्याकडं पाहत बसते, कोणी पाय उमटवत नाही. मागच्या हप्त्यात मी स्वतःच नदीवर जाऊन ओल्या पायानं घरात चालली. मंग पुसलं नाही. दोन वेळा ताट वाढताना दोन वाढली आहेत. एक जास्त होते असं मी तुले लिहिलं होतं, ते लिहिताना ती शेजारी बसून शेंगा सोलत होती अन् मले पाहून हसत होती. मी तिले घाई करून पाठवलं, कारण माझ्याच्यानं ती जाणं रोज रोज सहन झालं नसतं. एकदाचं झालं ते बरं.

तू म्हणते पाहून जा. पाहून जाणं मले जमणार नाही बाप्पा. या वयात येणं एक वेळ जमते, वापस जाणं जमत नाही. अन् भावजयीच्या संसारात नणद येऊन बसली की आधी पाहुणी असते, मंग अडचण होते. मी पाह्यलं आहे लोकांकडं.

म्हणून एक इचारते, हसू नको. तूच लिहिलं होतं की नंबर पडलेली चीज कोणाले काढून टाकता येत नाही, तीन फॉर्म लागतात, कमिटी लागते, अन् ती चीज निकामी आहे असं लिहून द्या लागते. तुझा सत्तेचाळीस नंबर कोरा राहिला होता. तो अजून कोरा आहे काय?

आक्का

*

पोस्टकार्ड
भिलाई, २९ एप्रिल १९६०

आक्का,

सत्तेचाळीस नंबर: आक्का, एक नग. जागा: सेक्टर दोन, पुढची खोली, खिडकीजवळची खाट. खाटेच्या पायावर काल टाकला, इनॅमल पक्का आहे. निकामी म्हणून लिहून द्याले कमिटीत आम्ही दोघंच आहो अन् दोघंही सही करणार नाही.

भाटव्याच्या नावाचा गुंड घेऊन ये, तो घर चुकत नाही म्हणते ना. पुढच्या शनिवारच्या पॅसेंजरले दुर्ग टेसनावर उभे आहो. दुर्गा म्हणते, ओल्या पायानंच यायचं.

देवीदास